भैरूला बोलायची मनाई

काळेवाडी,
दि. ११ नोव्हेंबर १९७९

तीर्थस्वरूप अण्णासाहेब यांच्या चरणी,

ज्योतीरामचा साष्टांग नमस्कार (कंबर धरल्यामुळे प्रत्यक्षात निम्माच घातला आहे, पण मनाने पुरता समजावा). आपला दमा कसा आहे? इथे असताना आपण उभा जन्म फाउंड्रीच्या धुरात काढलात आणि कधी खोकला नाहीत, आणि आता गुहागरकडच्या मोकळ्या हवेत भातकापणीच्या धुळीने खोकता, हे ऐकून जुन्या मंडळींना फार वाईट वाटले (आणि थोडे बरेही वाटले, कारण आपल्या धुराची बाजू घेणारे इथे अजून बरेच आहेत). सौ. काकूंच्या गुडघ्याला शालनने सांगितलेले तेल लावले का? लावले नसेल तर पुढच्या पत्रात "लावले" असे लिहावे, म्हणजे माझ्या घरात शांतता राहील. आमची नीला अकरावीला आहे आणि माझ्या प्रत्येक वाक्यातली चूक काढते, म्हणून हे पत्र ती शिकवणीला गेल्यावर लिहीत आहे.

आपण दसऱ्याच्या पत्रात एका ओळीत विचारलेत की भोसरीच्या शेडचे पुढे काय झाले. उत्तरही एका ओळीत देता आले असते. पण ती ओळ लिहायला तीनदा बसलो आणि तीनदा उठलो. तेव्हा आता सगळेच लिहितो. आपल्याला निवांत वेळ आहे, आणि मला स्टोअरमध्ये नव्या साहेबाने बसायला खुर्ची दिल्यापासून निवांतपणाची सवय लागली आहे.

ती शेड उभी राहिली तेव्हा भोसरीत आजूबाजूला बाजरी होती, हे आता सांगितले तर पोरे हसतात. आपण फोरमन. मी खटाव तालुक्यातून पत्र्याची ट्रंक घेऊन आलेला, लोखंड पातळ होते हेच ज्याला ठाऊक नव्हते असा. कोंडीराम ओव्हाळ साचे करायचा. काळी वाळू मुठीत दाबून, मूठ उघडून, तिचा गोळा टिकतो का ते बघायचा आणि मग वाळूशी काहीतरी बोलायचा. (काय बोलायचा ते कधी कळले नाही. भैरूच्या मते तो तिला शिव्या द्यायचा. त्याची बायको केसरबाई म्हणते, घरी पिठाशी पण बोलायचे.) पहिला पंप ओतला त्या दिवशी शेठजी स्वतः सदऱ्याच्या बाह्या वर करून उभे होते. लोखंडाचा रस साच्यात उतरेपर्यंत कुणी श्वास घेतला नाही आणि उतरल्यावर आपण शिट्टी मारलीत. फोरमनने शिट्टी मारावी याचा शेठजींना इतका आनंद झाला की त्यांनीही मारून पाहिली. त्यांना येत नव्हती.

त्याच शेठजींनी पुढे कंपनीचे शेअर काढले तेव्हा आपण आम्हा सगळ्यांना रांगेत उभे करून थोडे थोडे घ्यायला लावले होते, आठवते ना? "उद्या म्हातारपणी सांगाल, कारखाना माझा होता म्हणून," असे म्हणाला होतात. कोंडीरामने ते फार मनावर घेतले. पुढच्या रविवारी तो धुतलेले धोतर, कोट आणि टोपी घालून गेटवर गेला. वॉचमनने विचारले, सुट्टीच्या दिवशी कशाला? तर म्हणाला, माझा हिस्सा बघायला. वॉचमनने त्याला बाकावर बसवून चहा पाजला, आणि कोंडीराम तासभर शेडकडे बघून घरी गेला. त्या वर्षीची भागधारकांची सभा शेडमध्येच झाली. आम्ही सगळे इस्त्रीचे कपडे घालून गेलो, ठरावांतले एक अक्षर कळले नाही, दर ठरावाला हात वर केला, आणि कागदी पुड्यातला बालुशाहीचा तुकडा घरी नेला.

दुसऱ्या वर्षी निम्मे गेलो. तिसऱ्या वर्षी शिफ्ट होती. मग ते कागद यायला लागले. त्याला प्रॉक्सी म्हणतात हे आम्हाला पुष्कळ उशिरा कळले. आम्हाला वाटायचे, पोच आहे. तपकिरी पाकिटात नोटीस, आणि सोबत छापील कागद, की मी अमुक अमुक सभेला येऊ शकत नाही, तरी माझ्या वतीने मत द्यायला तमुक यांना नेमतो. आणि त्या तमुकच्या जागी शेठजींचे नाव आधीच टाइप केलेले. आपण फक्त सही करून परत पाठवायची. किती सोय! आम्ही सगळ्यांनी वर्षानुवर्षे, जेवण झाल्यावर, पाट सरकवून त्यावर सह्या केल्या. म्हणजे अण्णासाहेब, आमचे सगळ्यांचे हात दर वर्षी शेठजींच्या खिशात असायचे, आणि आम्हाला वाटायचे ते आपल्याच खांद्याला आहेत.

यंदा पावसाळा संपता संपता नोटीस आली, त्यात नेहमीच्या ठरावांच्या खाली एक जादा ठराव होता. भोसरीची फाउंड्री, जमीन आणि शेडसह, विकण्यास संमती द्यावी. मी तर तपकिरी पाकीट बघून सवयीने सही करायला पेन काढले होते. शालनने ओढून घेतले. "आधी वाचा तरी, काय लिहिलंय ते," म्हणाली. मी वाचले आणि मग ते घेऊन तसाच, बनियनवर, सायकल मारत भोसरीला भैरूकडे गेलो.

भैरूला आपण विसरला नसाल. (ज्याला आपण वर्षातून एकदा तरी म्हणायचात, "भैरू, भट्टीचा आवाज ऐकू दे रे जरा.") तो अजून फाउंड्रीतच आहे, म्हणजे शेड विकली तर पहिली गदा त्याच्यावर. मी बदलून चिंचवडला स्टोअरला आलो, मला तशी झळ नव्हती. पण भैरूच्या खोलीच्या दारात त्याच्याबरोबरची सगळी माणसे जमली होती आणि भैरू पायरीवर उभा राहून भाषण करत होता, आणि मी बनियनवर असल्याचे मला त्यातल्या बायकांकडे बघून पहिल्यांदा लक्षात आले.

भैरूला एक गोष्ट कुठून तरी पक्की कळली होती: प्रॉक्सी शेठजींच्याच नावाने दिली पाहिजे असे काही नाही. छापलेले नाव खोडून दुसरे कुणाचेही घालता येते. ज्याला नेमायचे तो भागधारक असायलाही लागत नाही. तेव्हा जुन्या लोकांकडे जाऊन सगळ्यांचे कागद एकाच माणसाच्या नावाने गोळा करायचे. कुणाच्या? सगळ्यांनी एका आवाजात सांगितले, भैरूच्या. कारण भैरूएवढा आवाज पुण्यापासून चाकणपर्यंत कुणाचा नाही. (त्याने स्वतःचे शेअर कधीच विकून राजदूत मोटारसायकल घेतली होती. तिचा आवाज सोडल्यास तीही आता फारशी उरलेली नाही.)

मग आम्ही दोघे त्या राजदूतवरून हिंडलो. कधी मी तिच्यावर बसलो, कधी ढकलली. जुनी माणसे कुठे कुठे गेली आहेत, अण्णासाहेब! कुणी आकुर्डीत मुलाकडे, कुणी देहूरोडला, कुणी चऱ्होलीत शेळ्या घेऊन. कागद दूरच, प्रत्येक घरात आधी चहा, मग आपली चौकशी, मग कोंडीरामची आठवण, मग डोळे पुसणे, मग पुन्हा चहा. प्रत्येक कागदाला रेव्हेन्यू तिकीट लावावे लागते, आणि ते थुंकी लावून चिकटवायचे काम भैरूने आपल्याकडे घेतले, त्यामुळे दुपारनंतर त्याला कशाचीच चव कळेना आणि तो प्रत्येक घरी साखर कमी आहे म्हणून सांगायला लागला. भिवाने मात्र कमाल केली. आपला भिवा, भट्टीवरचा, थोडे कमी ऐकू येणारा. त्याने आनंदाने आमच्या कागदावर सही केली, आणि मग कोनाड्यातून शेठजींचा कागद काढून आमच्यादेखत त्यावरही केली. भैरू ओरडला, अरे हे काय? भिवा शांतपणे म्हणाला, "ते पण मागायला आल्यात, तुमी पण आलाय. दोगांलाबी न्हाई कसं म्हनायचं, राव?" त्याच्या हातून शेठजींचा कागद सोडवता सोडवता संध्याकाळ झाली.

आपल्याकडे मात्र पोचता आले नाही. पत्र टाकले होते, ते वेळेत मिळाले नसावे. कारण सभेच्या दिवशी कळले की आपली प्रॉक्सी नेहमीप्रमाणे शेठजींच्या गठ्ठ्यात होती. मला राग नाही. (शालनला आहे. पण तेलाचे ऐकलेत तर तोही जाईल.) आपल्या शेअरांनी निकाल फिरला नसता, हे मी हिशेब करून पाहिले आहे. तेव्हा त्याबद्दल मनाला लावून घेऊ नये.

सगळ्यात शेवटी केसरबाईकडे गेलो. ती आता काळेवाडीतच, आमच्या मागच्या आळीला, मुलाकडे असते. कोंडीराम गेल्यावर त्याचे शेअर तिच्या नावावर करायला आपणच तिला हाताला धरून ऑफिसात नेले होते, ते ती अजून येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगते. "जयभीम" करून बसलो, चहा झाला, कागद पुढे केला. तिने सही केली. (अंगठा म्हणालात तर रागावते. सही शिकायला तिला एक हिवाळा लागला होता आणि त्या हिवाळ्याचा तिला अभिमान आहे.) मग कागद हातात धरून म्हणाली, "भैरू, ह्यो कागद दिला म्हंजी काय हुतं?" भैरूने छाती काढून सांगितले की मावशी, तुझ्या वतीनं मी मत देणार, तुला यायचं कामच नाही. ती "बरं" म्हणाली. त्या "बरं" मध्ये काय होते ते आम्हाला तेव्हा समजायला हवे होते.

सभेच्या अठ्ठेचाळीस तास आधी कागद ऑफिसात पोचले पाहिजेत असा नियम आहे. राजदूत नाशिक फाट्यावर बंद पडली, तरी आम्ही वेळेत, घामाने न्हालेले, पोचलो. तिथल्या शेअर विभागाच्या कारकुनाने कागद नीट बघून, शिक्का मारून घेतले. आणि मग अगदी सभ्यपणे भैरूला म्हणाला, "तुम्हाला नियम ठाऊक असतीलच. प्रॉक्सीला सभेत बोलता येत नाही."

भैरू हसला. त्याला वाटले थट्टा आहे. कारकुनाने पुन्हा सांगितले. जो स्वतः भागधारक आहे त्याने बोलावे. प्रॉक्सीने बोलायचे नाही, हात वर करून मत घेतले तर हातही वर करायचा नाही. चिठ्ठ्यांवर मतदान झाले, तरच त्याने आपल्या चिठ्ठ्या टाकायच्या. अण्णासाहेब, मी भैरूला भट्टीचा रस पायावर उडाला तेव्हाही पाहिले आहे. त्या दिवशीचा चेहरा त्याहून वाईट होता. बाहेर आल्यावर त्याने माझ्याकडे पाहिले, मी त्याच्याकडे, आणि दोघांच्याही एकदमच लक्षात आले की मंडळींत सभेला येऊ शकणारा, थोडेफार वाचलेला आणि बोलण्याचा हक्क असलेला भागधारक म्हणजे मी. (ज्याला आपल्या निरोप समारंभात "दोन शब्द" म्हणून उभे केले होते आणि ज्याने खरोखर दोनच शब्द बोलून खाली बसणे पसंत केले होते, तोच.)

इथे थोडे थांबून रुक्मिणीआत्याचे सांगतो, कारण त्या आठवड्यात घरात हाच विषय होता. माझी आत्या मागच्या वर्षीच्या निवडणुकीत मत द्यायला गेली. स्वतःचे दिले, मग बोट दाखवून दुसरी पत्रिका मागितली. अधिकारी म्हणाले, आजी, झालं तुमचं. तर म्हणाली, माझं झालं, पण माझा पोरगा शिफ्टला गेलाय, त्याचं बी देऊन टाकते, त्याला कोन पायजे ते मला ठावं हाय. अधिकाऱ्यांनी समजावले की सरकारी मतदानात ज्याचे मत त्यानेच द्यायचे. आत्या चिडून घरी आली. कंपनीत चालते ते सरकारात का चालत नाही, हे मी तिला यंदा समजावून सांगायला गेलो. सगळे ऐकून ती म्हणाली, म्हंजी पैशाच्या जागी दुसऱ्यानं हात घातला तरी चालतंय, आन् सरकारात न्हाई.

सभा चिंचवडच्या कॅन्टीनमध्ये होती. समोर शेठजी, शेजारी कोट घातलेली मंडळी आणि कंपनीचे सेक्रेटरी. मुंबईची दोन-चार माणसे पुढच्या खुर्च्यांवर. बाकी सगळे आपले, शेअर असलेले आणि स्वतः आलेले कामगार. शेठजी थकले आहेत, अण्णासाहेब. मिशी पूर्ण पांढरी झाली आहे. भैरू माझ्या शेजारी, ओठ घट्ट मिटून, दोन्ही हात मांड्यांखाली घालून बसला होता (वर जाऊ नयेत म्हणून). बोलता येत नाही म्हणून त्याने चिठ्ठ्यांचा मार्ग काढला होता. त्याने लिहायचे आणि मी उभे राहून वाचायचे. जादा ठराव आला. माझे पाय आपोआप उभे राहिले, जीभ मात्र खालीच राहिली. भैरूने चिठ्ठी हातात कोंबली. मी चष्मा लावला आणि भर सभेत मोठ्याने वाचले:

"भितोस काय, मिशी काढली तर शेठ शेळीसारखा दिसेल."

ती चिठ्ठी मला धीर देण्यासाठी होती. प्रश्नाची चिठ्ठी दुसरी होती. कॅन्टीनमध्ये एक क्षण असा गेला की आचाऱ्याच्या हातातला डावही थांबला. मग मागून कुणीतरी फुसकन हसले आणि सगळे छप्पर हसले. शेठजींचा हात मिशीकडे गेला तो तिथेच राहिला. मी खाली बसलो. मी बसलो नाही, अण्णासाहेब, मला खुर्चीने घेतले. शेड, भैरूचे काम, त्या पायरीवरची सगळी माणसे, सगळे माझ्या एका चिठ्ठीत बुडाले असे मला वाटले, आणि शेजारी भैरू दातओठ खात होता पण नियमाप्रमाणे शब्द काढत नव्हता.

तेवढ्यात मागच्या दाराशी गडबड झाली. केसरबाई आत आली. पांढरे नऊवारी, डोक्यावर पदर, पायांत मुलाच्या चपला. दारावरच्या माणसाने अडवले की तुमची प्रॉक्सी आलेली आहे, तर ती म्हणाली, "कागद आला आसंल. आता मी आले." सेक्रेटरींनी पुस्तक उघडून पाहिले आणि मान हलवली. माणूस स्वतः आला की त्याचा कागद आपोआप रद्द होतो. (भैरूने पहिल्यांदा माझ्या कानात शब्द काढला: "आपलं एक मत गेलं." मी म्हणालो, गेलं नाही, चालत आलंय.)

ती बसली नाही. सरळ पुढे गेली. सेक्रेटरी म्हणाले, बाई, ठरावावर बोलायचं आहे का? शेठजी म्हणाले, बोलू द्या. आणि ती जे बोलली ते मी जसेच्या तसे लिहितो, कारण त्यातला एक शब्द बदलायची माझी लायकी नाही.

"साहेब, आमचं मालक वारलं, तवा ह्ये कागद माज्या नावावर झालं. दरसाली तुमचा कागद येतो, मी सही करून धाडते. म्हंजी दरसाली माजा हात तुमीच वर करताय. कशापायी वर केला, ते येकदाबी कळवलं न्हाई. आता शेड इकायची म्हनं. माज्या हातानं इकनार, तर मला इचारा तरी."

शेठजींनी विचारले, "बाई, आपलं नाव?"

"केसरबाई. वळखलं न्हाई? ओतकामातल्या कोंडीरामची."

शेठजींनी चष्मा काढला. पुसला, आणि घातलाच नाही. म्हणाले, "विचारायला हवं होतं. चुकलं." मग त्यांनी तिला साध्या भाषेत सांगितले, जे आम्हाला कुणीच सांगितले नव्हते. जुनी भट्टी आता परवडत नाही, ओतकाम बाहेरून घेतात, शेड ठेवली तर चिंचवडचा कारखानाही अडचणीत येईल. ती सगळे ऐकत उभी राहिली. शेवटी म्हणाली, "शेडीचं कळलं. मान्सांचं काय?" शेठजी म्हणाले, एकालाही काढणार नाही, सगळ्यांना चिंचवडला घेऊ. तर ती सेक्रेटरींकडे वळली. "ह्ये लिवून घ्या." सेक्रेटरींनी शेठजींकडे पाहिले. शेठजी म्हणाले, "लिहा." ते लिहून घेतले गेले.

मग मत घेतले. आधी हात वर करून. हात वर करण्यात शेअर किती ते बघत नाहीत, एका माणसाला एक हात. आपले लोक संख्येने जास्त, त्यामुळे ठराव पडला! कॅन्टीनमध्ये काय गोंधळ झाला म्हणून सांगू. लोकांनी भैरूला उचलले, ज्याने त्या मतदानात हात काय, बोटसुद्धा वर केले नव्हते. कुणीतरी आचाऱ्याकडून झेंडूची माळ आणली (देवाच्या फोटोवरची होती, नंतर परत लावली). आणि त्या गोंधळात सेक्रेटरी उठून म्हणाले की अध्यक्षांच्या आदेशाने आता चिठ्ठ्यांवर मतदान होईल. चिठ्ठीत माणसे मोजत नाहीत, शेअर मोजतात. आणि तिथे शेठजींचे स्वतःचे, मुंबईकरांचे, आणि त्या तपकिरी पाकिटांतून आलेले गठ्ठे. भैरूने आपली चिठ्ठी अशी टाकली जणू साच्यात रस ओततो आहे, एक थेंब बाहेर न सांडता. चहा झाला, मोजणी झाली, आणि आम्ही हरलो. थोडक्यात नाही. चांगलेच हरलो.

सभा संपली. म्हणजे आता भैरूला बोलायला मोकळीक होती. सगळे त्याच्याकडे बघत उभे राहिले. भैरू शेठजींसमोर गेला, तोंड उघडले, आणि बंद केले. केसरबाईनेच शेठजींना सांगितले, "इकायच्या आदी येकदा दावा मला. त्येनी बघितलेली, मी कदी आत गेले न्हाई."

आणि अण्णासाहेब, शेठजींनी गाडी काढायला सांगितली. ॲम्बॅसडरमध्ये पुढे केसरबाई, मागे शेठजी, मी आणि भैरू. भोसरीला आता बाजरी कुठली. दुतर्फा पत्र्याच्या शेडी, टेंपो, टपऱ्या. आपली शेड त्यांत अगदी बुटकी दिसते. पाळी सुटलेली होती, आत कुणी नव्हते. केसरबाई दाराशी थांबून आत बघत राहिली. मग वाकून काळी वाळू मुठीत घेतली, दाबली, मूठ उघडली. गोळा टिकला नाही, सुटला. ती हसली आणि हात पदराला पुसला. शेठजी भट्टीच्या भिंतीला हात लावून उभे होते. भैरूला म्हणाले, "कोंडीराम असता तर मला हा ठराव मांडूच दिला नसता, नाही रे?" ज्याचा आवाज भट्टीच्या वर जायचा तो भैरू म्हणाला, "व्हय." एवढेच.

शेड आता वाहतूक कंपनीचे गोदाम आहे. भैरू आणि मंडळी दिवाळीनंतर चिंचवडला रुजू झाली. भैरू रोज माझ्या स्टोअरच्या खिडकीशी येऊन तिथल्या, तयार भाग तापवायच्या नव्या भट्टीला नावे ठेवतो. वीज लावली की तापते, म्हणतो, तिच्याशी भांडायला मजाच नाही. आपण विचारलेल्या एका ओळीचे उत्तर हे असे आहे. सौ. काकूंना नमस्कार, मुलांना आशीर्वाद, आणि खोकल्यावर अडुळसा सोडू नये.

आपला,
ज्योतीराम

ता. क. एक लहानसे काम होते, ते लिहायचे राहिले. काळेवाडीतला आपला प्लॉट आमच्या श्रमसाफल्य गृहरचना संस्थेत अजून आपल्याच नावावर आहे, म्हणजे आपण सभासद आहात. येत्या पौषात कमिटीच्या एका जागेची निवडणूक आहे आणि लोकांच्या आग्रहाखातर (म्हणजे शेजारचे आणि मी) मी उभा आहे. सहकारी संस्थेत प्रॉक्सी चालत नाही. ज्याचे मत त्याने स्वतः येऊन द्यावे लागते. तेव्हा चिपळूणहून सकाळची एस.टी. धरावी. मी स्टँडवर असेन. भाषण करणार नाही, याची खात्री असू द्यावी.

ता. क. शालन सांगते, "मत कुणालाही द्या, पण या. काकूंना घेऊन या. आठ दिवस तरी राहा. सगळे जुने लोक नुसती आठवणच काढतात, एकदा प्रत्यक्ष बघू दे."

ता. क. माझ्याविरुद्ध भैरू उभा आहे (राहतो भोसरीत, पण आपल्यासारखाच त्याचाही प्लॉट संस्थेत आहे). त्याचे अक्षर त्यालाच लागत नसल्यामुळे त्याने आपल्याला लिहायचे पत्र काल माझ्याकडून लिहून घेतले. ते याच पाकिटात आहे. त्याने सांगितले ते सगळे मी प्रामाणिकपणे उतरवले आहे, फक्त व्याकरण सुधारले. मी कमिटीवर का नको, हा परिच्छेद विशेष चांगला उतरला आहे. दोनदा वाचला आणि मलाही पटला.